पाणीपट्टी घ्या, महाराज!

प्रति,
पाणीपट्टी भरण्याच्या संकेतस्थळावर लॉगिनचं पान रचणारे अज्ञात महोदय यांस,

सप्रेम नमस्कार वि. वि.

आपलं नाव मला ठाऊक नाही. आपल्याला मात्र माझं नाव, वडिलांचं नाव, जन्मतारीख, मोबाइल, ईमेल, पिन कोड आणि माझ्या आईच्या माहेरचं आडनावसुद्धा ठाऊक आहे. सोयरीक जुळवतानाही एवढी चौकशी होत नाही. इतकी जवळीक झाल्यावर परकेपणा ठेवणं बरं दिसत नाही, म्हणून हे पत्र.

आधी आभार मानतो. कोकणातल्या आमच्या घराची पाणीपट्टी थकली होती, रुपये ३४०. आई गावी, मी पुण्यात. ती फोनवर म्हणाली, "आता म्हणे कॉम्प्युटरवरून भरतात, तू भरून टाक." मी हो म्हणालो. पैसे द्यायचेच तर आहेत, मागायचे थोडेच आहेत, चहा निवेपर्यंत काम होईल, असा माझा समज. हा माज आपण चार दिवसांत उतरवलात, त्याबद्दल मी आपला ऋणी आहे.

चोर येतो तो काहीतरी न्यायला, अशी माझी बाळबोध समजूत होती. आपली दृष्टी दूरची. उद्या एखादा भामटा मध्यरात्री येऊन आमची पाणीपट्टी भरून पसार झाला तर आम्ही कुणाच्या तोंडाकडे बघायचं? या संकटापासून आमचं रक्षण व्हावं म्हणून आपण जो बंदोबस्त केलात, तो पाहून माझे डोळे पाणावले. बिल पाण्याचंच होतं म्हणा.

पहिल्याच रकान्यात आपण माझं डोकं ठिकाणावर आणलंत. माझं आडनाव ओक. इंग्रजीत ओ, ए, के. लाल अक्षरं उमटली : 'आडनाव किमान चार अक्षरी असावे.' आमच्या घराण्यात पिढ्यानपिढ्या ही उणीव चालत आली आणि एकाही पूर्वजाच्या ती ध्यानात आली नाही. पै आणि बाळ मंडळींचीही आपण हीच गत केली असणार. बापट सुटले. शेवटी मी मागे आणखी एक के जोडला आणि आपल्या दप्तरी 'ओकक' या नावाने नव्याने जन्मलो. बारशाला आपण नव्हता, एवढीच रुखरुख.

नवा जन्म म्हटल्यावर जन्मतारीख आलीच. सालांची ती यादी चालू वर्षापासून खाली उतरते. १९६३ पर्यंत पोचेतो अंगठ्याला रग लागली, पण साऱ्या हयातीचं सिंहावलोकन झालं, हा लाभ काय कमी आहे? तारीख मी १ जून घातली. दाखल्यावर तीच आहे. शाळा जूनमध्ये उघडायची, पोराचं वय बसवायचं असायचं आणि बापाला तिथीपलीकडे काही आठवायचं नाही, तेव्हा गुरुजींनी ज्यांच्या ज्यांच्या नावापुढे १ जून ठोकून दिली त्यांतला मी एक. आमच्या वर्गातल्या निम्म्या पोरांचा वाढदिवस त्याच दिवशी येतो. ही तारीख आपण माझी गुप्त ओळख म्हणून जपून ठेवली आहे, हे वाचून गुरुजींना धन्य वाटलं असतं.

त्यापुढचा आपला प्रश्न तर फारच हळुवार. 'आपल्या आईचे माहेरचे आडनाव काय?' पासवर्ड हरवला तर हे गुपित सांगून मला आत येता येणार. महोदय, आपण या मुलखातल्या लग्नाची पत्रिका कधी हातात घेतली आहे का? माझ्या पत्रिकेत सगळ्या मामांची नावं आडनावांसकट छापली होती. पाचशे प्रती काढल्या होत्या. मांडवात ज्यानं जिलबी खाल्ली, त्या प्रत्येकाला आज माझ्या खात्यात शिरता येईल. आले तर त्यांनी पाणीपट्टी भरावी, एवढंच मागणं आहे.

मग पासवर्ड. एक मोठं अक्षर, एक छोटं, एक आकडा, एक विशेष चिन्ह, आठहून कमी नको, बाराहून जास्त नको आणि दर नव्वद दिवसांनी नवा. आमच्या बाराखडीत मोठी आणि छोटी लिपी नसते. आमचा क जन्मतो तेवढाच राहतो. त्यामुळे मराठीत विचार केलेलं गुपित आपल्याकडे चालत नाही, ते आधी परदेशी कपडे घालून यावं लागतं. मीही तेच केलं. गावाचं नाव, पहिलं अक्षर मोठं, मग ते वाटोळं 'अ‍ॅट'चं चिन्ह, मग १२३. अवघा महाराष्ट्र हेच करतो. आपल्या नियमामुळे सर्वांचे पासवर्ड एका साच्यातले झाले, ही एकात्मता साधणं संतांनाही सोपं गेलं नसतं.

या नियमांचं कूळ आपल्याला माहीत असेलच. २००३ साली अमेरिकेच्या नॅशनल इन्स्टिट्यूट ऑफ स्टँडर्ड्स अँड टेक्नॉलॉजी या सरकारी संस्थेतल्या बिल बर यांनी ही मार्गदर्शिका लिहिली आणि जगभरच्या कचेऱ्यांनी ती पोथीसारखी लावून धरली. निवृत्त झाल्यावर, २०१७ साली, याच गृहस्थांनी वॉल स्ट्रीट जर्नलला सांगितलं की त्यातल्या बऱ्याच गोष्टींचा आपल्याला पश्चात्ताप होतो. त्याच वर्षी त्या संस्थेनं नवी मार्गदर्शिका काढली. तिचं सांगणं असं : चिन्हा-आकड्यांची सक्ती नको, पासवर्ड फुटल्याचं दिसल्याशिवाय बदलायला लावू नका, निदान ६४ अक्षरांपर्यंत लिहू द्या, कुठल्याही लिपीत लिहू द्या, दुसरीकडून उचलून चिकटवू द्या. म्हणजे ज्यांनी व्रत सांगितलं त्यांनी स्वतःच ते सोडलं, आपण मात्र उद्यापनाला अजून तयार नाही. आपल्या निष्ठेला प्रणाम. बातमी आपल्यापर्यंत पोचली नसेल तर तिचाही दोष नाही. तिलाही आधी नोंदणी करावी लागली असेल.

यानंतर आपण मला मी माणूस असल्याचं सिद्ध करायला सांगितलंत. नऊ चौकटी, त्यांतल्या ज्यांत झेब्रा क्रॉसिंग दिसतं त्या निवडायच्या. मी पुण्यात राहतो, महोदय. रस्त्यावर झेब्रा क्रॉसिंग ओळखायची सवय राहिलेली नाही. दुसऱ्या खेपेला रस्त्याकडेचे, आग विझवायच्या पाण्याचे लाल बंब आले. असले बुटके बंब मी इंग्रजी सिनेमातच पाहिलेत. आमच्याकडे आग लागली तर टँकर येतो, तोही विचारत विचारत. या परीक्षेला कॅप्चा म्हणतात. कार्नेगी मेलन विद्यापीठातल्या लुईस फॉन आन आणि त्यांच्या सोबत्यांनी तिला हे नाव दिलं. पुढे २००७ साली तिचा दुसरा अवतार निघाला, त्यात लोकांकडून जुन्या वर्तमानपत्रांतले आणि पुस्तकांतले पुसट शब्द वाचून घेतले गेले. म्हणजे दारात उभं करून ठेवलेल्या पाहुण्याकडून निवडण-टिपण उरकून घेतलं. पाहुण्याला वाटलं, आपली परीक्षा चाललीय.

आता ओटीपी. इथं मला जरा सविस्तर कृतज्ञता व्यक्त करू द्या.

ओटीपीचं मला वावडं नाही. रिझर्व्ह बँकेनं २००९ साली कार्डाच्या ऑनलाइन व्यवहारांना दुसरी पडताळणी सक्तीची केली, ती शहाणपणाचीच होती. तिथं गिऱ्हाइकाच्या खात्यातून पैसे जात होते. इथं आपल्या खात्यात येणार होते. पण बिलाच्या दप्तरात मोबाइल नंबर आईचा, तेव्हा सहा आकडे जाणार आईच्या फोनवर. आईचं वय ८४. फोन बटणांचा. रेंज अंगणात, चाफ्याखाली, तीही वारा पडलेला असेल तर. आकडे तीन मिनिटांत शिळे होणार.

मी बटण दाबलं आणि आईला फोन लावला. "आई, मेसेज आला असेल, त्यातले आकडे वाच." बोलता बोलता मेसेज कसा बघायचा ते तिला ठाऊक नाही, म्हणून तिनं फोन ठेवला, चष्मा शोधला, मेसेज वाचला आणि परत फोन केला.

"आलाय. पण यात लिहिलंय, हा क्रमांक कोणालाही सांगू नये."

"अगं, मला सांग. मी मागवलाय."

"कोणालाही म्हणजे कोणालाही. खालच्या आळीतल्या काकूंचे असेच अठरा हजार गेले. तिकडूनही मुलगाच बोलत होता म्हणे."

"आई, माझा आवाज ओळखत नाहीस?"

"हल्ली आवाजाची पण नक्कल करतात, टीव्हीवर दाखवलं. तू खरा असशील तर सांग, लहानपणी विहिरीत काय टाकलं होतंस?"

मी इकडे तिकडे पाहिलं. सूनबाई स्वयंपाकघरात होत्या. हळू आवाजात सांगितलं, "आजोबांची कवळी."

"आणि नाव कुणाचं सांगितलंस?"

"मांजराचं."

"हं. मग तूच. लिही."

तोवर आपल्या पानावर 'ओटीपीची मुदत संपली आहे' असं उमटलं होतं. दुसरा मागवला. आईनं दुसरा प्रश्न विचारला. कवळीचा प्रश्न परत चालेल का असं मी विचारून पाहिलं. ती म्हणाली, "तो आता वापरून झाला. मघाशी कुणी ऐकलं असेल तर?"

महोदय, ही बाई सातवीपर्यंत शिकली आहे. तिनं विचारलं ते उत्तर ना शाळेच्या दाखल्यावर आहे, ना लग्नपत्रिकेत, ना बिलावर. ते तिच्यात आणि माझ्यात आहे, आणि एकदा वापरलं की ती ते टाकून देते. आपली निविदा निघते तेव्हा कृपया तिलाही एक प्रत पाठवावी. अनामत रक्कम मी भरीन, लॉगिन न करता भरता आली तर.

तिसऱ्या ओटीपीला नोंदणी झाली. हिरवं चिन्ह उमटलं तेव्हा मला दहावीच्या निकालाची आठवण झाली. दुसऱ्या दिवशी आत जायला गेलो तर आपण म्हणालात, 'युजरनेम किंवा पासवर्ड चुकीचा आहे.' दोहोंतलं कुठलं ते सांगितलं नाहीत. यामागचं शास्त्र मी जाणतो : कुठलं नाव खरं आहे ते चोराला कळू नये. फार योग्य. पण मी गोंधळून पुन्हा नोंदणी करू लागलो तेव्हा आपणच लाल अक्षरांत कळवलंत, 'हा मोबाइल क्रमांक आधीच नोंदलेला आहे.' पुढच्या दारी मौन धरायचं आणि परसदारी सगळं सांगून टाकायचं, हा स्वभाव आमच्या आळीतही आहे. चोराला कष्ट पडू नयेत, हाही एक शिष्टाचारच.

'पासवर्ड विसरलात?' वर टिचकी मारली. आईच्या माहेरचं आडनाव सांगितलं. मिनिटभरात ईमेल आली. त्यात माझा पासवर्ड होता.

नवा नव्हे, नवा करण्याची लिंकही नव्हे. मी केलेलाच, तोच, मोठ्या अक्षरासकट, वाटोळ्या चिन्हासकट. खाली लिहिलं होतं : आपली सुरक्षितता हेच आमचे ध्येय.

मी थोडा वेळ खुर्चीत नुसता बसून राहिलो.

अनवधानानं झालं असेल, पण आपण मला आपली कोठी दाखवलीत. पासवर्ड परत पाठवता येतो याचा अर्थ तो आपल्याकडे जसाच्या तसा काढता येईल असा पडून आहे. तो तसा ठेवायचा नसतो. १९७९ साली बेल लॅब्जच्या रॉबर्ट मॉरिस आणि केन थॉम्पसन यांनी युनिक्स या संगणकप्रणालीतली स्वतःची व्यवस्था लिहून प्रसिद्ध केली, तेव्हापासून तरी हे उघड आहे. समजायला अवघड नाही, गिरणीत जाणाऱ्या कुणालाही कळेल. पासवर्डाचं दळण दळायचं आणि फक्त पीठ ठेवायचं. माणूस परत आला की तो जे सांगेल ते पुन्हा दळायचं आणि पीठ पिठाशी ताडून पाहायचं. पिठाचे पुन्हा गहू होत नाहीत, त्यामुळे कोठी फुटली तरी चोराच्या हाती पीठच लागतं. दोघांचे गहू एकच असतील तर पीठही एकच निघेल, म्हणून प्रत्येकाच्या दळणात वेगळं चिमूटभर मीठ टाकायचं. हा माझा अलंकार नव्हे. इंग्रजीतही त्याला मीठच म्हणतात. २०१२ साली लिंक्डइनकडून सुमारे ६५ लाख पासवर्डांचं पीठ बाहेर सांडलं, ते अळणी निघालं आणि अंदाजाचे गहू दळून ते पीठ याच्याशी ताडत चोरांनी त्यातलं पुष्कळसं भराभर ओळखलं. त्याआधी २००९ साली रॉकयू नावाच्या कंपनीकडून तीन कोटींहून जास्त पासवर्ड गेले, ते तर अख्खे गहूच होते. त्यांत सर्वांत जास्त जणांचा लाडका पासवर्ड होता १२३४५६.

आपण गव्हावरच थांबलात. निदान गहू निवडून, मोठी-छोटी अक्षरं घालून घेतलेत, हे काय थोडं झालं?

तशी आपली परंपरा जुनी आहे. अमेरिकेत एमआयटीमध्ये १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला एकच मोठं संगणकयंत्र अनेकांनी वाटून वापरायची सोय झाली, तेव्हा ज्याच्या त्याच्या फायली वेगळ्या राहाव्यात म्हणून फर्नांडो कॉर्बाटो यांच्या चमूनं पासवर्ड आणला. १९६२ साली तिथल्या अ‍ॅलन शेर या संशोधकाला आठवड्याचे चार तास पुरेनात. त्यानं पासवर्डांची फाइल चक्क छापून मागवली, ती त्याला छापून मिळाली, आणि तो इतरांच्या नावानं आत जाऊ लागला. अनेक वर्षांनी त्यानं हे स्वतःच सांगितलं. साठ वर्षांमागे जे घडलं तेच पुन्हा घडायची सोय आपण आजही मोडू दिलेली नाही. वारसा जपणारी माणसं हल्ली कुठं भेटतात?

मला आपला पहारा असा दिसतो. वेशीवर दहा भालदार, त्यांना आडनावाची अक्षरं मोजायचा हुकूम, येणाऱ्याला अंगठा, आडनाव, आजोळ सगळं विचारायचं. आत वाड्यात किल्ल्यांचा जुडगा खुंटीला टांगलेला, प्रत्येक किल्लीवर घरमालकाच्या नावाची चिठ्ठी. भालदारांना खुंटीकडे पाठ करून उभं राहायला सांगितलेलं.

असो. आपण दिलेला पासवर्ड घेऊन मी आत गेलो. बिल दिसलं. 'आता भरा' दाबलं. आपण मला बँकेकडे धाडलंत, बँकेनं तिचा ओटीपी माझ्याच फोनवर पाठवला, तिची कृपा, पैसे वळते झाले आणि तिनं मला परत आपल्या दारी सोडलं. आपण म्हणालात, 'आपले सत्र समाप्त झाले आहे. कृपया पुन्हा लॉगिन करा.'

वेबची ही विस्मृती जन्मजात आहे, हे मी ऐकून आहे. पान मागणारा कोण हे सर्व्हरला आपणहून आठवत नाही, म्हणून १९९४ साली नेटस्केपच्या लू माँटुली यांनी ओळखीची चिठ्ठी काढली, तिला नाव दिलं कुकी. चिठ्ठी खिशात आहे तोवर ओळख. ती किती वेळ चालायची ते मात्र घरधन्यानं ठरवायचं, आणि आपण पाच मिनिटं ठरवलीत. बँकेत जाऊन यायला मला सहा लागली. माझे ३४० रुपये गेले, हे बँकेला माहीत आहे. ते आले, हे आपल्याला माहीत नाही. मधल्या प्रवासात ते कुठं उतरले असतील? खेडच्या घाटात कुठं चहाला थांबले असतील तर निरोप द्यावा.

चौथ्या दिवशी मी आईला फोन करून कबूल केलं की मला काही जमलं नाही. ती म्हणाली, "अरे, ती पट्टी मी सोमवारीच भरली. शेजारचा मुलगा तालुक्याला चालला होता, त्याच्याकडे पैसे दिले."

मी विचारलं, "खिडकीवर त्याला काही विचारलं नाही?"

"विचारलं ना. सुटे आहेत का म्हणून."

खिडकीतल्या त्या गृहस्थानं बिलावरचा ग्राहक क्रमांक पाहिला, नोटा मोजल्या, शिक्का मारला, पावती दिली. हा मुलगा ओक की बापट, त्यानं विचारलं नाही. तो यंत्रमानव आहे का, याची खातरजमा केली नाही. महोदय, हा माणूस आपल्याच कार्यालयात बसतो. त्याला जरा सांभाळा, नाहीतर असल्या लोकांमुळे कामं होऊ लागतील.

तेव्हा आता माझे ३४० रुपये आपल्याकडे जादा आहेत. परत मिळावेत म्हणून कार्यालयात फोन केला. तिथून नम्रपणे सांगण्यात आलं, 'परताव्यासाठी संकेतस्थळावर लॉगिन करून अर्ज करा.' केला असता. पण हे पत्र लिहायला बसेपर्यंत नव्वद दिवस उलटले, पासवर्ड बाद झाला, आणि नवा करायचा तर ओटीपी पुन्हा चाफ्याखाली जाणार.

म्हणून एक विनंती आहे, मोठ्या मनानं मान्य करावी. माझा जुना पासवर्ड आपल्याकडे आहेच. जन्मतारीख, मामांचं आडनाव, तेही आहे. तेव्हा आपणच माझ्या वतीनं आत जावं, बंब आणि झेब्रे निवडावेत, अर्ज भरावा. ओटीपी लागला तर आईला फोन करावा. संध्याकाळी, वारा पडल्यावर. ती आपल्याला काहीतरी विचारेल. काय, ते मला सांगता येणार नाही, पण कवळीबद्दल नसेल एवढं नक्की.

कळावे, लोभ आहेच, तो पाच मिनिटांहून थोडा अधिक टिकावा ही विनंती.

आपला नम्र,
ओकक
(शेवटचा के आपल्या आग्रहाखातर)